कवटीवर हात ठेवून घेतलेली शपथ: वेताळ, बॅटमॅन आणि हल्कच्या गोष्टींत एवढा अंधार का आहे?

काळा बॅकग्राउंड, रंगवलेल्या चेहऱ्याचा जोकर आणि खाली मराठीत एखादी ओळ. अर्थ साधारण असा, की आपल्याच माणसांनी एवढं छळलं म्हणून मी असा झालो. हे व्हॉट्सॲप स्टेटस तुम्ही पाहिलं नसेल, असं होणार नाही. ते मुंबई-पुण्यात दिसतं आणि नांदेड जिल्ह्यातल्या हिमायतनगरलाही दिसतं. ठेवणाऱ्याने जोकरचं एकही कॉमिक वाचलेलं नसलं, तरी त्याला त्या चेहऱ्यात स्वतःचं काहीतरी दिसतं.

आता तुम्ही म्हणाल, कॉमिक्स म्हणजे लहान पोरांचा खेळ, त्यात कसलं आलंय मानसशास्त्र?

पण जुन्या गाजलेल्या सुपरहिरोंची यादी काढा आणि प्रत्येकाच्या गोष्टीची सुरुवात आठवून बघा. एकाच्या डोळ्यांसमोर आईबापाचा खून झालाय. एकाच्या चुकीमुळे घरातला माणूस गेलाय. एकाला बापाने लहानपणी मारून मारून अर्धमेला केलाय. व्हिलनचं नंतर बघू, इथे हिरोच आधी मोडलेला आहे.

हा अंधार आला कुठून, तो खरा किती आणि आपण त्यातून काय उचलतो, हे समजून घेऊया. सुरुवात आपल्या ओळखीच्या माणसापासून करू. म्हणजे वेताळापासून.

वेताळ: चारशे वर्षं चाललेलं सुतक

मार्च १९६४ मध्ये ‘टाइम्स ऑफ इंडिया’ छापणाऱ्या बेनेट, कोलमन कंपनीने इंद्रजाल कॉमिक्स सुरू केलं. इंग्रजीसोबत हिंदी, मराठी आणि इतर भारतीय भाषांमध्ये ते निघायचं. १९९० मध्ये बंद पडेपर्यंत त्याचे आठशेच्या आसपास अंक आले. सुरुवातीचे सगळे अंक एकाच माणसाचे होते. इंग्रजीत फँटम, मराठीत वेताळ.

हा वेताळ जन्मला अमेरिकेत. ली फॉक या लेखकाने १७ फेब्रुवारी १९३६ रोजी वर्तमानपत्रात त्याची चित्रपट्टी सुरू केली. म्हणजे सुपरमॅन येण्याच्या दोन वर्षं आधी. अंगाला घट्ट बसणारा पोशाख, डोळ्यांवर मुखवटा, गुप्त ठिकाणी राहणं, हे सगळं त्याच्याकडे आधीच होतं. फक्त अंगात अलौकिक शक्ती नव्हती.

त्याची मूळ गोष्ट अशी. १५३६ साली एका जहाजावर समुद्री चाचे हल्ला करतात. कप्तान मारला जातो. त्याचा तरुण मुलगा तेवढा वाचतो आणि वाहत किनाऱ्याला लागतो. जंगलातले बांदर जमातीचे लोक त्याला उचलून नेतात आणि बरा करतात. पुढे किनाऱ्यावर त्याला एका चाच्याचं प्रेत सापडतं. त्या प्रेताच्या अंगावर त्याच्या बापाचे कपडे असतात. त्या खुन्याच्या कवटीवर हात ठेवून पोरगा शपथ घेतो की चाचेगिरी, लोभ, क्रूरता आणि अन्याय यांच्याशी मी आयुष्यभर लढेन आणि माझ्यानंतर माझी मुलं लढतील.

शेवटचं वाक्य पुन्हा वाचा. *माझी मुलं लढतील.*

ती मुलं अजून जन्मलेलीही नाहीत, पण त्यांचं आयुष्य ठरलं. आपण वाचतो तो वेताळ एकविसावा आहे. तो ज्या कवटीच्या गुहेत राहतो, तिथेच आधीच्या वीस जणांच्या कबरी आहेत. बाप मेला की मुलाने मुखवटा चढवायचा. बाहेरच्या जगाला कळताही कामा नये की कोणी गेलं, कारण लोकांना वाटतं वेताळ अमर आहे. म्हणजे बाप गेल्यावर मुलाला उघडपणे रडायचीही सोय नाही.

लहानपणी आपण हे वाचलं तेव्हा घोडा, लांडगा आणि कवटीची अंगठी बघितली. आता वाचलं की दिसतं ते वेगळंच. एका मुलाचं दुःख मिटलं नाही आणि ते चारशे वर्षं वारसाहक्काने पुढे जात राहिलं. डेंकालीच्या जंगलात वीस बाप गेले आणि वीसही वेळा मुलाच्या हातात मुखवटा आला.

‘वेताळ’ हे नाव एवढं चपखल का बसलं?

परदेशी नावाचं मराठी करताना बऱ्याचदा गंमत होते, पण इथे उलट झालं. मूळ फँटम म्हणजे भूत, आणि तेही चालतंबोलतं. मराठी वाचकाला वेताळ आधीच माहीत होता. विक्रमादित्याच्या पाठीवर बसून गोष्टी सांगणारा वेताळ होता, आणि गावाच्या वेशीवर शेंदूर फासलेल्या दगडाच्या रूपातलाही होता. लोकांच्या समजुतीत हा भुतांचा राजा, पण गावाचा राखणदार. गोव्यात तर आमोण्यासारख्या गावात बेताळाचं मोठं देऊळ आहे.

आपल्याकडे हे नवीन नव्हतंच. जो भीतीदायक आहे तोच राखण करतो, जो मेलेल्यांमध्ये राहतो तोच जिवंतांची काळजी घेतो. अमेरिकेत तयार झालेल्या पात्राला मराठीत आल्यावर वेशीवरची जागा आयती मिळाली.

बॅटमॅन आणि स्पायडरमॅन: एक शपथ, एक अपराधभाव

वेताळाच्या गोष्टीतला साचा पुढे सगळीकडे दिसू लागला.

बॅटमॅन मे १९३९ मध्ये आला. तो असा का वागतो, हे मात्र सहा महिन्यांनी, नोव्हेंबर १९३९ च्या अंकात सांगितलं गेलं, तेही जेमतेम दोन पानांत. सिनेमा बघून घरी जाताना रस्त्यात लुटारू गाठतो, आईबाप मरतात, लहानगा ब्रूस वेन बघत राहतो. नंतर मेणबत्तीच्या उजेडात तो शपथ घेतो की उरलेलं आयुष्य गुन्हेगारांशी लढण्यात घालवीन.

पुढची ऐंशी-पंच्याऐंशी वर्षं कॉमिक्स आणि सिनेमे त्याच दोन पानांकडे परत परत वळतायत. मोठा आघात झालेल्या माणसाचं मनही असंच करतं. तो प्रसंग त्याला नुसता आठवत नाही, तो पुन्हा घडल्यासारखा डोळ्यांसमोर येतो. ब्रूस वेनकडे पैसा आहे, ताकद आहे, बुद्धी आहे, पण मनाने तो त्या गल्लीतून बाहेर पडलेला नाही. रात्री बाहेर पडून तो रोज त्याच लुटारूला शोधतो.

सुपरमॅनचंही एक ऐका. तो लिहिणारा जेरी सीगल अमेरिकेतल्या क्लीव्हलंडचा. १९३२ मध्ये त्याच्या वडिलांच्या जुन्या कपड्यांच्या दुकानात चोर शिरले आणि त्या धक्क्यात वडील गेले. सहा वर्षांनी, १९३८ मध्ये, ज्याला गोळी लागत नाही असा माणूस छापून आला. या दोन गोष्टी जोडणं हा अभ्यासकांचा तर्क आहे. पण बाप गमावलेल्या पोराच्या डोक्यातून असा माणूस निघाला, हे विसरता येत नाही.

मग १९६२ च्या ऑगस्टमध्ये स्टॅन ली आणि स्टीव्ह डिटको यांनी स्पायडरमॅन आणला आणि साच्यात मोठा बदल केला. पीटर पार्करच्या घरातला खून दुसऱ्याने केला, पण पीटरला वाटतं की तो माझ्यामुळे झाला. पळणारा चोर त्याच्या समोरून गेला होता. अडवणं सहज शक्य होतं. ‘मला काय त्याचं’ म्हणून त्याने सोडून दिलं. त्याच चोराने नंतर बेन काकांना मारलं.

बॅटमॅनच्या मुळाशी राग आहे, स्पायडरमॅनच्या मुळाशी अपराधभाव. हा भाव फार ओळखीचा आहे. घरातलं कोणी अचानक गेलं की मागे राहिलेला माणूस स्वतःशी हिशेब मांडत बसतो. त्या दिवशी फोन उचलला असता तर? सकाळी भांडलो नसतो तर? दवाखान्यात एक दिवस आधी नेलं असतं तर?

१९७३ मध्ये तर लेखकांनी याहून पुढचं केलं. पीटरची मैत्रीण ग्वेन स्टेसी पुलावरून खाली पडते. तो जाळं फेकून तिला पकडतोही, पण ती मेलेली असते. त्या झटक्यानेच तिची मान मोडली असावी, असं चित्रात सूचित केलंय. त्याने वाचवायला जे केलं, त्यानेच ती गेली. तोवर मुलांच्या कॉमिक्समध्ये हिरोने पकडलेली माणसं वाचायचीच.

मोठ्यांना भीती वाटली ती भलत्याच गोष्टीची

मुलं हे वाचतायत म्हणून मोठी माणसं घाबरली नाहीत का? घाबरली की.

१९५४ मध्ये न्यूयॉर्कचे मनोविकारतज्ज्ञ फ्रेडरिक वर्थम यांनी पुस्तक लिहून मांडलं की कॉमिक्समुळे मुलं गुन्हेगार बनतात. गंमत म्हणजे वर्थम काही खलनायक नव्हते. हार्लेममधल्या गरीब काळ्या लोकांसाठी त्यांनी जवळपास फुकटात मानसोपचाराचा दवाखाना चालवला होता. पण पुस्तक गाजलं, अमेरिकेच्या सिनेटमध्ये सुनावणी झाली आणि घाबरलेल्या प्रकाशकांनी स्वतःवरच ‘कॉमिक्स कोड’ लादून घेतला. सत्याचा विजय झालाच पाहिजे, पोलिसांचा अपमान नको, भयकथा नकोत, असे नियम आले. पुढे २०१२ मध्ये कॅरोल टिली या संशोधिकेने वर्थम यांची मूळ कागदपत्रं तपासली, तेव्हा कळलं की त्यांनी मुलांच्या मुलाखतींमध्ये सोयीप्रमाणे फेरफार केले होते.

भारतातही हे वारं पोचलं. १९५६ मध्ये संसदेने तरुणांसाठी हानिकारक प्रकाशनांविरुद्ध कायदा केला. गुन्हे, हिंसा, क्रूरता आणि किळसवाणे प्रकार दाखवून मुलांना बिघडवणारी चित्रकथा-पुस्तकं हा त्याचा रोख होता.

या सगळ्यात सुटलं काय, तर मुलांना पानावरचं रक्त दिसतं तसं त्यामागचं दुःखही दिसतं. मोठ्यांनी रक्त मोजलं. दुःखाबद्दल मुलांशी बोलायचं राहून गेलं.

कोडची पकड १९७१ मध्ये सैल झाली. अमेरिकी सरकारच्या आरोग्य खात्यानेच स्टॅन लीला सांगितलं की अमली पदार्थांच्या धोक्याबद्दल काहीतरी लिहा. त्याने स्पायडरमॅनच्या गोष्टीत ते आणलं. कोडवाल्यांनी परवानगी नाकारली, तरी अंक त्यांच्या शिक्क्याशिवाय निघाले. मग नियमच बदलावे लागले. त्याच वर्षी ग्रीन ॲरोच्या गोष्टीत त्याचा तरुण साथीदार हेरॉइनच्या आहारी गेलेला दाखवला. जगाला वाचवत फिरणाऱ्या हिरोला आपल्याच घरातलं पोरगं कुठे चाललंय याचा पत्ता नव्हता.

हल्क: जखम दाखवली आणि डॉक्टरही दाखवला

आता येते खरी महत्त्वाची गोष्ट.

हल्क १९६२ मध्ये आला. शास्त्रज्ञ ब्रूस बॅनर बॉम्बच्या किरणांमध्ये सापडतो आणि पुढे राग आला की हिरवा राक्षस होतो. वीस-बावीस वर्षं वाचकांना वाटत होतं, कारण एवढंच.

१९८५ मध्ये बिल मँटलो या लेखकाने ३१२ व्या अंकात वेगळंच सांगितलं. ब्रूसचा बाप त्याला लहानपणापासून मारायचा, हे पोरगं राक्षस आहे असं म्हणायचा. पुढे पोराच्या डोळ्यांसमोर त्याने बायकोला मारून टाकलं. म्हणजे राक्षस बॉम्बने तयार केला नाही. तो त्या घरात आधीच तयार झाला होता. मार खाताना ज्या पोराला रागवायचीही परवानगी नव्हती, त्याने राग आत दाबून ठेवला. किरणांनी फक्त झाकण उडवलं.

पुढे १९९१ च्या सुरुवातीला पीटर डेव्हिड या लेखकाने ३७७ व्या अंकात हल्कला उपचाराला बसवलं. डॉक्टर सॅमसन हा मनोविकारतज्ज्ञ त्याला आठवणींमध्ये मागे नेतो. बॅनर आणि त्याच्या आतले दोन हल्क, असे तिघे मिळून त्या जुन्या घरातल्या बापासमोर उभे राहतात. मग तिघं एकत्र येऊन एक पूर्ण माणूस होतो. खऱ्या आयुष्यात उपचार एका बैठकीत होत नाहीत आणि संमोहन म्हणजे जादूची कांडीही नाही. पण सुपरहिरो कॉमिक्समध्ये कोणीतरी म्हणत होतं की राक्षसाला मारायची गरज नाही, त्याचं ऐकून घ्यायची गरज आहे.

असंच १९७९ मध्ये आयर्न मॅनचं झालं. टोनी स्टार्क दारूच्या पूर्ण आहारी जातो. त्याला बाहेर काढायला कुठलाही सुपरहिरो येत नाही. येते ती बेथनी केब, जिने स्वतःच्या नवऱ्याला गोळ्यांच्या व्यसनात बुडताना पाहिलंय. ती शेजारी बसून राहते आणि सोडून जात नाही. लोखंडी चिलखत घालून उडता येणाऱ्या माणसाला शेवटी कोणाशी तरी बोलावंच लागलं.

मग जोकरचं काय?

जोकरचं आज फिरणारं रूप बऱ्याच अंशी १९८८ च्या ‘द किलिंग जोक’ या कॉमिकमधून आलंय. लेखक ॲलन मूर, चित्रकार ब्रायन बोलंड. त्यात जोकरचा एक दावा आहे: कुठल्याही शहाण्या माणसाच्या आयुष्यात एक फार वाईट दिवस आला की तो माझ्यासारखाच होईल. हे सिद्ध करायला तो कमिशनर गॉर्डनच्या मुलीला, बार्बराला, गोळी घालतो आणि गॉर्डनचा अमानुष छळ करतो.

स्टेटसवाले इथेच थांबतात. पण कॉमिक इथे थांबत नाही.

गॉर्डन मोडत नाही. सगळं सोसून तो बॅटमॅनला सांगतो की जोकरला पकड, पण कायद्याने. म्हणजे जोकरचा दावा त्याच्याच गोष्टीत खोटा ठरतो. दुःखाने माणूस क्रूर होतोच, हे बोलणारा जोकर आहे. पुस्तकाचं म्हणणं ते नाही.

बार्बराचं काय झालं, ते तर फार कमी लोकांना माहीत असतं. ती कमरेखाली अपंग झाली. मूळ कॉमिकमध्ये तिच्या वेदनेला फारशी जागाच दिलेली नाही, दुसऱ्यांना दुःख व्हावं म्हणून तिला वापरलंय, अशी टीका झाली आणि ती रास्त आहे. पण १९८९ मध्ये किम येल आणि जॉन ऑस्ट्रँडर या लेखकांनी तिला ‘ओरॅकल’ म्हणून परत आणलं. व्हीलचेअरवर बसून, कॉम्प्युटरच्या जोरावर, साऱ्या सुपरहिरोंना माहिती पुरवणारी बाई. वाईट दिवस जोकरच्या म्हणण्याप्रमाणे त्याचा, तसा तिचाही होता. तिचं स्टेटस कोणी ठेवत नाही.

या गोष्टींनी एक नुकसानही केलंय, तेही सांगितलं पाहिजे. बॅटमॅनचे बहुतेक शत्रू ‘अर्खम’ नावाच्या मनोरुग्णालयातले. ते पळून येतात आणि खून पाडतात. त्यातून मानसिक आजारी म्हणजे धोकादायक, ही समजूत घट्ट होते. खरं चित्र उलट आहे. मानसिक आजार असलेली माणसं हिंसा करण्यापेक्षा हिंसेला बळी पडण्याची शक्यता जास्त असते. गावात ‘येडं’ म्हणून ज्याच्यावर दगड मारले जातात, त्याच्याकडे बघितलं तरी हे कळेल.

दोन भारतीय पोरं: डोगा आणि बहादूर

आपल्याकडच्या दोन पात्रांत हा फरक फार स्वच्छ दिसतो.

राज कॉमिक्सचा डोगा मुंबईचा. नव्वदच्या दशकात हिंदीतून तो महाराष्ट्रातही भरपूर वाचला गेला. उकिरड्यावर टाकलेलं हे बाळ हलकान सिंग नावाच्या डाकूला सापडतं. तो त्याला माणसासारखं वाढवत नाही, स्वतःची ढाल म्हणून वापरतो. मोठा झाल्यावर पोरगा कुत्र्याचा मुखवटा चढवतो आणि गुन्हेगारांना गोळ्या घालत सुटतो. त्याला पकडून न्यायालयात वगैरे नेण्यात रस नाही.

बहादूर त्याच्या आधीचा. आबिद सुरती यांनी त्याला डिसेंबर १९७६ मध्ये इंद्रजाल कॉमिक्समध्ये आणलं. अंगात कुडता, पायात जीन्स आणि मुखवटा अजिबात नाही. त्याचा बाप डाकू. तो पोलिसांच्या हातून मारला जातो. पोराच्या डोक्यात सूड असतो, पण विशाल नावाचा पोलीस अधिकारीच त्याला वाढवतो. शेवटी बहादूर डाकूंशी लढायला गावकऱ्यांचं नागरिक सुरक्षा दल उभं करतो.

सुरुवात वेताळासारखीच आहे, बाप मारला गेलाय. पण या पोराच्या हातात कोणी कवटी दिली नाही. त्याला घर मिळालं आणि पुढे त्याच्या लढाईत गाव सोबत आलं. सुरुवात सारखी असूनही गोष्ट वेगळी झाली, ती एवढ्यामुळे.

आपल्या घरात दिली जाणारी शपथ

आता हे सगळं हिमायतनगरला आणून बघूया.

पैनगंगेच्या अलीकडचा हा तालुका. नदीपलीकडे विदर्भ, पुढे किनवट ओलांडलं की तेलंगणा. सोयाबीन आणि कापसाचा भाग. पाऊस गेला किंवा भाव पडला की काय होतं, हे इथल्या माणसाला सांगावं लागत नाही. सरकारी नोंदीनुसार २०२३ या एका वर्षात मराठवाड्यात एक हजाराहून जास्त शेतकऱ्यांनी आत्महत्या केल्या आणि त्यात नांदेड जिल्ह्याचा आकडा मोठा होता.

त्यातल्या अनेक घरांत दहा-बारा-पंधरा वर्षांचं पोरगं मागे राहतं. सांत्वनाला आलेली माणसं त्याच्या डोक्यावर हात ठेवतात आणि मायेनेच म्हणतात, आता तूच घरचा कर्ता, आईकडे बघ, बहिणीचं लग्न तुलाच करायचंय, रडायचं नाही.

वेताळाची शपथ आणखी कशी असते? एकविसाव्या पिढीच्या हातात मुखवटा देतात, तसं दहाव्या-तेराव्याला इथे लेकराच्या खांद्यावर घर दिलं जातं. देणाऱ्याच्या मनात वाईट काही नसतं. घर चालायला हवं, हेही खरंच आहे. पण त्या पोराला बाप गेल्याचं दुःख करायला जागा कुठे मिळाली? त्याच्या मनात पीटर पार्करचा हिशेबही चालूच असतो: त्या दिवशी मी बाबांसोबत शेतात गेलो असतो तर?

लहान वयात मोठ्यांची जबाबदारी अंगावर घेणाऱ्या मुलांचा मानसशास्त्रात बराच अभ्यास झालाय. ही मुलं बाहेरून फार समजूतदार दिसतात. सगळे कौतुक करतात. आत मात्र राग, भीती आणि थकवा साचत जातो आणि तो कधी दारूतून, कधी मारहाणीतून, कधी एकदम गप्प होण्यातून बाहेर पडतो. हल्कचंच झाकण ते.

‘दुःखाने माणूस घडतो’ हे वाक्यही थोडं तपासून घ्या. मोठ्या आघातानंतर काही माणसं अधिक खंबीर होतात, हे मानसशास्त्राने नोंदवलंय. पण आघात झाला म्हणून आपोआप तसं होत नाही. वेळ, सोबत, ऐकणारं माणूस आणि गरज पडली तर उपचार मिळाले, की त्याची शक्यता वाढते. कॉमिक्सवाल्यांनी आघात आणि पराक्रम ही दोन पानं ठेवली आणि मधली सगळी पानं फाडून टाकली. खऱ्या आयुष्यात माणूस त्या मधल्या पानांतच जगतो.

मग कॉमिक्स वाचायची की नाही?

वाचायची, आणि पोरांनाही वाचू द्यायची. अंधार असलेली गोष्ट वाचून मूल बिघडत नाही. उलट, आपल्याला जे बोलता येत नाही ते दुसऱ्या कोणाच्या तरी बाबतीत घडतंय, हे बघून त्याला धीर येऊ शकतो. फक्त वाचून झाल्यावर एक प्रश्न विचारा: बॅटमॅनला त्या रात्रीनंतर कोणीतरी नीट बोलतं करायला हवं होतं का? मूल बॅटमॅनबद्दल बोलता बोलता स्वतःबद्दलही बोलून जातं.

ओळखीतला कोणी सतत तसले स्टेटस ठेवत असेल, तर हसून सोडू नका आणि भाषणही देऊ नका. ‘काय रे, बरा आहेस ना?’ एवढं फोन करून विचारा. जीव नकोसा झाल्याचं तो बोलला, तर ते मनावर घ्या आणि त्याला एकटं सोडू नका. केंद्र सरकारची टेली-मानस ही हेल्पलाइन १४४१६ या नंबरवर चोवीस तास फुकट चालते. ती १० ऑक्टोबर २०२२ ला सुरू झाली आणि तिथे मराठीत बोलता येतं. प्रत्यक्ष डॉक्टरांना भेटायचं तर नांदेडला विष्णुपुरीतल्या डॉ. शंकरराव चव्हाण शासकीय वैद्यकीय महाविद्यालयाच्या रुग्णालयात मनोविकार विभाग आहे. आणि पोलिसांच्या भीतीने कोणी मदत टाळत असेल तर हेही सांगा: २०१७ च्या मानसिक आरोग्य कायद्याप्रमाणे आत्महत्येचा प्रयत्न केलेला माणूस तीव्र तणावाखाली होता असं धरलं जातं आणि त्याच्यावर उपचार करणं ही सरकारची जबाबदारी ठरते.

आणि पुढच्या वेळी एखाद्या घरी सांत्वनाला गेलात, तर त्या पोराला ‘आता तूच कर्ता’ म्हणण्याआधी जरा थांबा. वेताळाच्या गोष्टीतही शपथ ही पहिली गोष्ट नव्हती. त्याच्या आधी काही माणसांनी किनाऱ्यावर पडलेल्या त्या पोराला उचललं होतं, सावलीत नेलं होतं आणि बरा होईपर्यंत त्याच्याजवळ बसून राहिली होती.